निकोल बेर्जेच का?

तुम्ही विचारलंत म्हणून लिहिते. फिल्म सोसायटीत फ्रेंच चित्रपटावर बोलायला उभी राहिले की मी कुठून तरी निकोल बेर्जे या नटीवर येते, आणि चर्चा संपल्यावर कुणीतरी गाठतंच. ‘जान मोरो आहे, बार्दो आहे, आना कारिना आहे. त्यांना सोडून या बाईंचं एवढं काय हो?’ विचारणारे आपुलकीनं विचारतात, हे मला कळतं. पण पाठोपाठ येणारं वाक्यही ठरलेलं असतं: ‘बिचारी फार लवकर गेली ना.’ त्या ‘बिचारी’चा मला राग येतो.

लवकर गेली, हे खरंच. जन्म १९३४चा, पॅरिसचा. १३ एप्रिल १९६७ रोजी रुआँला मोटार अपघातात गेली. वय ३२. त्याच वर्षी जून अखेरीस नीसजवळ फ्रान्स्वाज दोर्लेआकही अशीच मोटारीत गेली, २५ वर्षांची. दोघींनी दिग्दर्शक त्रुफोकडे काम केलेलं. दोर्लेआकचं नाव आजही निघतं. ती नायिका होती, शिवाय प्रसिद्ध नटी कात्रीन दनव्हची बहीण. बेर्जेचं नाव निघत नाही. मग मी काढते. त्यात विचित्र काय आहे?

सुरुवात तशी मोठीच होती. १९५४मध्ये दिग्दर्शक क्लोद ओतां-लारानं लेखिका कोलेतच्या कादंबरीवर चित्रपट केला, त्यात ती व्हँका, म्हणजे गोष्टीतली मुख्य मुलगी. चारच वर्षांनी त्याच दिग्दर्शकाच्या चित्रपटात बार्दो आणि गाबँ पोस्टरवर, आणि ही मोलकरीण जानिन. याला लोक उतरती कळा म्हणतात. मला ते पटत नाही. त्याच सुमारास गोदार आणि रोमेर हे दिग्दर्शक नवखे होते, पैसे नव्हते, छोटे छोटे चित्रपट करत होते, आणि त्यांना ही हवी होती. गोदारच्या लघुपटात एकच पात्रिक एकाच दिवशी दोन मैत्रिणींवर छाप पाडायला बघतो. त्यातली एक बेर्जे. रोमेरच्या लघुपटात ती एका आडमुठ्या पोराची शिकवणी घेते. पोरगा गणितावरून हुज्जत घालतो, आणि टेबलाखाली हिचे पाय बुटांशी चाळा करत असतात. वर शिस्तीची बाई, खाली कंटाळलेली मुलगी. असं काम करणारीला बिचारी कशाला म्हणायचं?

पण खरं उत्तर तेरेझपाशी आहे. त्रुफोचा १९६०चा ‘तिरे स्यूर ल पियानिस्त’. त्यातला नायक, गायक-नट अझ्नावूरनं केलेला एदुआर सारोयान, मोठा पियानोवादक होतो. तेरेझ त्याची बायको, आधी कॅफेत वाढायला असायची. नाव झाल्यावर घर विसकटत जातं, आणि एकदा ती सांगून टाकते: तुला ती पहिली संधी मिळाली, कारण तुझे कार्यक्रम लावणाऱ्या त्या श्मीलनं माझ्याकडून तिची किंमत वसूल केली होती. तो प्रसंग पुन्हा बघा. ती दया मागत नाही, श्मीलला शिव्याही घालत नाही. त्यानं आपले जणू दोन तुकडे केले, मन एकीकडे आणि शरीर एकीकडे, असं ती सांगते. वाटलं होतं, जे गेलं ते नुसतं शरीर, तेरेझ नाही. पण काल केलेलं आज सुटत नाही. ही वाक्यं तिनं एकटीनं मनात इतकी घोळवली आहेत की आता त्यांची धारच गेली आहे, अशी ती बोलते. समोरच्याला पहिल्यांदा कळतंय, तिला मात्र ऐकून ऐकून वीट आलाय. नटानं हे कसं करायचं, ते कुठल्या शाळेत शिकवत असतील तर मला सांगा.

मग एदुआरच्या मनातला आवाज ऐकू येतो. तिच्याजवळ जा, गुडघे टेक, आत्ता तिला एकटी सोडू नकोस. आणि तो दाराबाहेर पडतो. भानावर येऊन परत धावतो, तोवर खिडकी उघडी आहे आणि तेरेझ खाली रस्त्यावर.

त्रुफोनं त्याच्या मनातलं आपल्याला ऐकवलं. तिच्या मनातलं ऐकवलं नाही. ते सगळं बेर्जेला चेहऱ्यावर आणि आवाजात आणावं लागलं, आणि तिनं ते आणलं. म्हणून बेर्जे.

हेच मी एका चर्चेत बोलले, तेव्हा सोसायटीतले एक ज्येष्ठ सभासद शांतपणे म्हणाले, ‘ताई, ती तेरेझ नायकाला दुःख पुरवण्यापुरतीच आहे. शेवटी त्याची दुसरी प्रेयसी, लेना, तीही बर्फात मरतेच. आणि रागावू नका, पण तुम्हाला ही नटी आवडत नाही, तिचं मरण आवडतं. ती ८० वर्षं जगली असती तर तुम्ही तिचं नावसुद्धा घेतलं नसतं.’ सगळे गप्प. मी कागद आवरत राहिले. घरी येईपर्यंत हजार उत्तरं सुचली आणि त्यातलं एकही टिकेना. भूमिकेबद्दल ते म्हणाले ते बरोबरच आहे. दोन बायका मरतात आणि उदास डोळ्यांनी पियानो वाजवायला पुरुष उरतो. मरणाबद्दलचं मात्र मला अजून झोंबतं. तेरेझची ती उघडी खिडकी आणि रुआँचा तो रस्ता माझ्या डोक्यात कधीच एकमेकांना चिकटले नाहीत, असं मी शपथेवर सांगू शकत नाही.

पूर्वी मी म्हणायचे, जगली असती तर मोठी स्टार झाली असती. आता हे वाक्य ओठावर आलं तरी गिळते. ते म्हणणं म्हणजे जानिन, तेरेझ, ती शिकवणीवाली, या सगळ्या नुसत्या पायऱ्या होत्या असं कबूल करणं. त्या पायऱ्या नव्हत्या. पण मग तिचा अखेरचा ‘ला पेर्मिसियों’ माझ्या आड येतो. मेल्विन व्हॅन पीबल्स हा कृष्णवर्णीय अमेरिकन. मायदेशात कुणी दिग्दर्शन देईना, म्हणून फ्रान्सला येऊन फ्रेंचमध्ये कादंबऱ्या लिहून त्यानं तिथं आपला पहिला मोठा चित्रपट उभा केला. तीन दिवसांच्या रजेवर आलेला काळा सैनिक आणि पॅरिसमधली गोरी मिरिअम. मिरिअम म्हणजे बेर्जे. इथं ती दुय्यम नाही. दोघं बिछान्यात असताना त्याला आपण फ्रेंच सरदार असल्याचं दिसतं, आणि तिला दिसतं, आफ्रिकी टोळीवाल्यांनी आपल्याला वेढलंय. प्रेमात पडलेल्या बाईच्या मनातलाही वंशभेद उघडा करणारं हे दृश्य, आणि ते १९६७ साली. बेर्जे त्यात स्वतःला सुरक्षित ठेवत नाही. त्या शरद ऋतूत सॅन फ्रान्सिस्कोच्या महोत्सवात फ्रान्सचा चित्रपट म्हणून तो दाखवला गेला, तेव्हा तिला जाऊन सहा महिने झाले होते.

या कामानंतर तिनं काय केलं असतं, हा प्रश्न मला टाकता येत नाही. तो विचारला की मरण पुन्हा मध्ये येतं, आणि त्या ज्येष्ठ सभासदांचं म्हणणं तितकंच खरं ठरतं. ठरू दे. तरीही पुढच्या खेपेला मला तुमच्याशी मिरिअमच्या त्या बिछान्यातल्या दृश्यावर भांडायचंय. बेर्जेनं ते का स्वीकारलं असेल, आपल्याकडची कुठली नटी आज स्वीकारेल, यावर बोलू. अपघाताबद्दल विचारू नका.