अ‍ॅपल क्रिस्प: खाली रसाळ, वर कुरकुरीत

आज गोडाला अ‍ॅपल क्रिस्प. अमेरिकन घरांतला हा प्रकार अ‍ॅपल पायपेक्षा सोपा, कारण पारी लाटायची भानगड नाही. पण सफरचंद चुकलं की सगळं बिघडतं. लाल डिलिशस जातीच्या सफरचंदाचा ओव्हनमध्ये शिजून लगदा होतो. हिरवं, आंबट ग्रॅनी स्मिथ घ्या, महाग असलं तरी. तेच हवं.

१ किलो सफरचंदं सोलून अर्धा सेंमी जाड काप करा. फार पातळ नकोत, विरघळतात. त्यात ५० ग्रॅम साखर, प्रत्येकी १ मोठा चमचा लिंबाचा रस आणि कॉर्नफ्लोअर, १ छोटा चमचा दालचिनी. कॉर्नफ्लोअर वगळलं तर तळाशी पाणी साचतं.

वरच्या थराला ९० ग्रॅम मैदा, ९० ग्रॅम रोल्ड ओट्स, १०० ग्रॅम ब्राऊन शुगर, ११० ग्रॅम थंड बटर. बटर मिठाचं असेल तर वेगळं मीठ नको. बोटांच्या टोकांनी चोळा, वाटाण्याएवढे गोळे राहू द्या. बटर वितळलेलं असेल तर थर पसरून चिकट होतो. इन्स्टंट ओट्सचा तर लगदाच. आणि वरून दाबायचं नाही, वाफेला वाट हवी.

२० सेंमीच्या चौकोनी भांड्यात, १८० अंशांवर ४० ते ४५ मिनिटं. नुसता रंग बघून काढू नका. कडेचा रस दाट होऊन बुडबुडे यायला हवेत. ओटीजीत (छोट्या घरगुती ओव्हनमध्ये) वरचा रॉड जवळ असतो, रंग लवकर आला तर फॉइल सैल झाका. २० मिनिटं निवू द्या, मग व्हॅनिला आइसक्रीम.

उरलेलं ओव्हनमध्येच गरम करा. मायक्रोवेव्हमध्ये वरचा थर लिबलिबीत होतो.