काळ्या मॉलीवरचा रवा

डिसेंबरात एका दुकानातून काळ्या मॉली माशांची जोडी घरच्या टँकसाठी आणली. पाचव्या दिवशी सकाळी खाणं टाकताना नराच्या शेपटीवर रव्याच्या दाण्यासारखे सात-आठ पांढरे ठिपके दिसले. आधीचे दोन दिवस तो दगडाला अंग घासत होता, मला वाटलं खेळतोय. ती पहिली खूण होती.

त्याच दुकानात गेले. काउंटरवरच्या माणसाने फोटोही न बघता निळ्या औषधाची बाटली पुढे केली. "तीन दिवस टाका ताई, ठिपके गेले की बंद करा."

या वाक्याचा राग माझ्या मनातून अजून गेलेला नाही. तीन दिवस टाकलं. चौथ्या दिवशी ठिपके खरंच नाहीसे झाले, मी औषध थांबवलं. आठवड्याने सगळ्या माशांवर रवा पेरल्यासारखा झाला. टँकमधले दोन निऑन टेट्रा मासे मेले.

मग वाचत बसले. या रोगाला 'इक' म्हणतात. ठिपका असतो तेव्हा तो परजीवी माशाच्या कातडीत बसलेला असतो, तिथे औषध पोचत नाही. पिकला की गळून तळाच्या खडीत पडतो, भोवती कवच करतो आणि फुटून शेकडो पिल्लं सोडतो. ती मासा शोधत पोहत असतात, तेवढ्या वेळातच औषधाने मरतात. ठिपके गेले तेव्हा रोग खाली खडीत होता आणि मी नेमकं तेव्हाच औषध बंद केलं. हे चक्र २५-२६ अंशांना ४ ते ६ दिवसांत पुरं होतं, गार पाण्यात तेच आठवडे लांबतं. नागपुरात तेव्हा रात्री पारा १० च्या आसपास उतरत होता आणि माझ्या टँकला हीटर नव्हता. पाणी १८ अंश होतं. तीन दिवसांत काय होणार होतं? दुकानदाराने एवढंच विचारायला हवं होतं, पाणी किती गार आहे.

पुढचं सोपं गेलं. हीटर लावून दोन-तीन दिवसांत हळूहळू ३० अंशांवर नेलं. गरम पाण्यात ऑक्सिजन कमी राहतो, म्हणून एअर पंप रात्रंदिवस चालू. मॅलाकाइट ग्रीन हे औषध बाटलीवरच्या मापाने, हातमोजे घालून टाकलं. एक दिवसाआड पाव पाणी बदललं, तेही नळीने खडीतली घाण ओढून. शेवटचा ठिपका गेल्यावरही दहा दिवस औषध चालू ठेवलं. फिल्टरमधला कार्बन आधी काढा, तो औषध शोषून घेतो. लोच किंवा कॅटफिश जातीचे मासे असतील तर डोस निम्मा.

परवा त्याच दुकानात खाणं आणायला गेले, तर एक मुलगा पिशवीत मॉली घेऊन उभा होता.

"घरी हीटर आहे का बाळा?"

"नाही ना काकू."

त्याला बाजूला घेतलं आणि नवे मासे तीन आठवडे वेगळ्या टबात, वेगळ्या जाळीने ठेवायला सांगितलं.