विसर्जन आणि ढिगारा एकाच रोलवर

कपाट उघडलं तेव्हा आधी वास आला. आंबूस, उग्र, नाकात चुरचुरणारा. ‘ताई, मागं सरा, आत उंदीर मेल्यात,’ शिपाईमामा म्हणाले. उंदीर नव्हते, निगेटिव्ह होत्या.

तेव्हाच्या औरंगाबादेतल्या एका जुन्या दैनिकात मी ९ वर्षं उपसंपादक होते. शिशाचे खिळे, म्हणजे अक्षरांचे ठसे, जुळवून अंक छापला जायचा, त्या काळापासूनचं हे दैनिक. मी नोकरी सोडल्यावर काही वर्षांनी त्यांची जुनी इमारत रिकामी करायची ठरली. वरच्या मजल्यावर डार्करूमशेजारच्या पत्र्याच्या खोलीत तीन लोखंडी कपाटं होती. ती भंगारात वजनावर जाणार होती आणि त्याआधी ‘आतला कचरा’ काढायचा होता. मामांनी मला फोन केला म्हणून मी पोचले. व्यवस्थापकांकडे मी एकच मागणी केली, आतलं सगळं मला सांभाळायला द्या आणि तसं पत्रावर लिहून द्या. ते पत्र पुढे फार कामाला आलं. तोंडी होकारावर असं काम कुणी सुरू करू नये.

घरी आणलेल्या खोक्यांत १२० या मापाच्या, चौकोनी फ्रेमच्या फिल्म होत्या, ३५ मिलिमीटरच्या पट्ट्या होत्या, ब्रोमाइड प्रिंटचे गठ्ठे होते, फोटो छापायचे जस्ताचे काही ब्लॉक होते आणि २००० नंतरच्या सीड्या होत्या. प्रिंटच्या पाठीवर लाल पेन्सिलीनं ‘३ कॉलम’, ‘डावीकडचा माणूस कापा’ अशा सूचना होत्या. काही फोटोंत माणसाभोवती पांढरा रंग फासून मागची गर्दी पुसून टाकलेली. आपल्या संपादक खात्याचे हे हात बघून मला भरून आलं. अशा खुणा पुसायच्या नसतात. अंकात काय गेलं आणि काय वगळलं, हे त्याच सांगतात.

वासाचं कारण मला वाचून कळलं. बहुतेक फिल्मचा पाया सेल्युलोज ॲसिटेटचा असतो. उष्णता आणि दमट हवा मिळाली की तो विघटित होतो आणि त्यातून ॲसेटिक ॲसिड सुटतं. शिरक्यात असतं तेच. सुटलेलं ॲसिड पुढचं विघटन वाढवतं आणि शेजारच्या चांगल्या फिल्मलाही नासवतं. कांद्याच्या चाळीत एक कांदा सडला की काय होतं ते आपल्याकडे वेगळं सांगायला नको. पाया आकसत जातो, वरचा जिलेटिनचा थर मात्र तेवढा आकसत नाही. मग तो सुटून फुगतो आणि चित्रावर नाल्यांसारख्या सुरकुत्या उठतात. २१ अंश तापमान आणि ५० टक्के आर्द्रता असेल तर नव्या फिल्मला हा रोग लागायला साधारण ४० वर्षं जातात. आपल्या मे महिन्यात पत्र्याखाली किती तापतं, ते त्या खोलीत घटकाभर बसलेल्यालाच ठाऊक. कोरड्या हवेमुळे बुरशी मात्र थोडीच होती, तीही छत गळायचं त्या कोपऱ्यातल्या खोक्यांत.

रोग किती पुढं गेलाय हे बघायला निळ्या कागदाच्या छोट्या पट्ट्या मिळतात. फिल्मच्या बंद डब्यात एक पट्टी २४ तास ठेवायची. निळी राहिली तर फिल्म ठीक, हिरवट झाली तर सुरुवात झालेली आणि पिवळी पडली तर तो डबा आधी हातात घ्यायचा. या पट्ट्या परदेशातून मागवाव्या लागल्या, महागही पडल्या, पण हा खर्च टाळू नये. खोकी १० असोत की १००, सुरुवात कुठून करायची ते पट्टीच ठरवते. माझ्याकडे पिवळे डबे ११ निघाले. ते मी लगेच वेगळ्या खोलीत नेले.

पुढं जे घडलं ते सांगण्यासाठीच खरं तर हे लिहायला बसले आहे.

मला पसारा सहन होत नाही. पहिल्या महिन्यात मी फिल्मच्या सगळ्या पट्ट्या जुन्या पाकिटांतून काढल्या. पाकिटं तपकिरी, ठिसूळ, कडेला गोंद लावलेली, काही रबरबँडनं बांधलेली. रबरात गंधक असतं आणि ते फोटोतल्या चांदीला खातं, कागदातलं आम्लही फिल्मला वाईट, हे मी वाचलेलं होतं. म्हणून रबरबँड टाकले आणि त्यांच्याबरोबर पाकिटंही टाकली. मग विषयवार ढीग लावले. सण, राजकारण, भूकंप, दुष्काळ, अपघात, खेळ. दिसायला किती नीटनेटकं होतं ते!

एका रात्री सणांचा ढीग दिव्याच्या पेटीवर बघत होते. सहा फ्रेमची पट्टी, कडेला आकडे १३ ते १८. पहिल्या चार फ्रेममध्ये लातूरचं गणपती विसर्जन. गुलालानं माखलेली पोरं, ढोल, फ्लॅशमध्ये चमकणारे दात. पाचवी फ्रेम बघितली आणि हात थांबला. ढिगारा, आणि ढिगाऱ्यातून वर आलेलं खाटेचं खूर. सहाव्या फ्रेममध्ये एक बाई जमिनीवर बसलेली. तिच्या मागं गाव असायला हवं होतं, तिथं नुसते दगड.

२९ सप्टेंबर १९९३ ला अनंत चतुर्दशी होती. त्या रात्री गणपती बुडवून माणसं झोपली आणि ३० तारखेच्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारीचा भूकंप झाला. लातूरच्या बातमीदारानं मिरवणुकीचे फोटो काढून कॅमेरा उशाशी ठेवला असणार. रोल संपलेला नव्हता. उजाडताना तो चाळीसेक किलोमीटर गाठून किल्लारीकडे गेला आणि त्याच रोलवर पुढचे फोटो काढले. तो रोल मग एसटीच्या कंडक्टरच्या हाती औरंगाबादला आला असणार, कारण तेव्हा रोल असेच यायचे. अंकात ढिगारा छापला गेला, विसर्जन कुणी बघितलंच नाही. ती सबंध रात्र त्या ३६ फ्रेममध्ये सलग होती. मी तिचे तुकडे करून दोन ढिगांत टाकले होते. आणि ज्या पाकिटावर त्या माणसानं स्वतःच्या हातानं तारीख, गाव आणि कदाचित त्या बाईचं नाव लिहिलं असेल, ते मी घंटागाडीत घातलं होतं.

त्या रात्री झोप आली नाही.

सकाळपासून ढीग मोडायला घेतले. रोल पुन्हा जुळवता येतात, पण चिकाटी लागते. कडेचे फ्रेम आकडे पहिली खूण. फिल्मची जात दुसरी. कडेवर नाव छापलेलं असतं, ओर्वो, इल्फर्ड. ‘इंदू’ असेल तर ती उटीच्या हिंदुस्तान फोटो फिल्म्सची, म्हणजे १९६७ च्या आधीची नसणार. सगळ्यात भरवशाची खूण मामांनी दाखवली. मामा शिपाई होण्याआधी बरीच वर्षं डार्करूममध्ये हायपोत, म्हणजे फोटो पक्का करायच्या द्रावणात, हात घालून काम करायचे. भिंगातून बघत म्हणाले, ‘हा बारीक ओरखडा बगा. क्यामेऱ्यात कचरा आसला की सगळ्या रोलला एकाच उंचीवर पडतो. ओरखडा जुळला की रोल जुळला.’ असे बसून बसून आम्ही दोघांनी चारशेच्या वर रोल पुन्हा लावले. १३ ते १८ च्या पट्टीला १९ ते २४ ची पट्टी भूकंपाच्या ढिगात मिळाली. सगळेच जुळले नाहीत. जे जुळले नाहीत त्यांची मोकळी पट्टी म्हणून वेगळी नोंद आहे, ओढूनताणून कुठं बसवल्या नाहीत.

तिसऱ्या कपाटातल्या पाकिटांना सुदैवानं माझा हात लागला नव्हता. त्यांचे आधी दोन्ही बाजूंनी फोटो, मग त्यांना नंबर, मग फिल्म नव्या आम्लरहित कागदी पाकिटात आणि जुनं पाकीट शेजारच्या डब्यात त्याच नंबरानं. नव्या पाकिटावर मऊ पेन्सिलीनं लिहायचं आणि फिल्म आत घालायच्या आधी लिहायचं, नाहीतर दाब उमटतो. बाजारातली मऊ, वास येणारी पीव्हीसीची प्लास्टिक पाकिटं वापरू नयेत, पॉलिएस्टरची चालतात. धूळ मऊ ब्रशनं आणि रबरी फुग्याच्या हवेनं काढायची. पाण्यानं कधीच नाही. पावसात भिजून एकमेकींना चिकटलेल्या पट्ट्या सोडवायचा मोह मी आवरला. त्या तशाच ठेवल्या आहेत, जाणकाराच्या हाती द्यायला.

पिवळ्या पट्टीचे डबे डीप फ्रीझरमध्ये गेले. थंडीत विघटन फार मंदावते. दुहेरी पिशवीत हवाबंद करून ठेवायचे. बाहेर काढल्यावर पिशवी लगेच उघडायची नाही, आतली फिल्म खोलीच्या तापमानाला येईपर्यंत दिवसभर थांबायचं. नाहीतर फिल्मवर दव धरतं. घरातल्यांना सक्त सांगून ठेवलंय की वीज गेली तर झाकण उघडायचं नाही.

स्कॅनिंगचं फार सांगत नाही, त्याची माहिती सगळीकडे मिळते. एवढाच हिशोब सांगते. ३५ मिलिमीटरची फ्रेम ३००० पीपीआयनं, म्हणजे इंचाला ३००० ठिपक्यांनी, घेतली की साधारण १२ मेगापिक्सेल होतात आणि १६ बिटची कृष्णधवल टिफ फाइल २४ एमबीची. म्हणजे ४०,००० फ्रेमला जवळपास १ टेराबाइट. असे तीन संच हवेत आणि त्यातला एक दुसऱ्या गावात. माझा तिसरा संच जालन्याला बहिणीकडे आहे. सीड्यांचा त्रास निराळाच होता. फोटो उघडले, पण त्यांच्या फोटोओळी युनिकोडच्या आधीच्या फाँटमध्ये होत्या आणि अक्षरांच्या जागी नुसती चिन्हं दिसत होती. फाँट बदलून देणारं सॉफ्टवेअर वापरलं तरी रफार आणि जोडाक्षरं बिघडतात. प्रत्येक ओळ डोळ्यांनी तपासावी लागली. नाव चुकलं तर माणूस हरवतो.

हक्काचा प्रश्न मला आधी सोपा वाटला होता. पत्र हातात आहे, मग फोटो आपलेच. तसं नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम १७ प्रमाणे वर्तमानपत्राच्या नोकरीत असलेल्या छायाचित्रकारानं अंकासाठी काढलेल्या फोटोचा छपाईपुरता हक्क मालकाचा, बाकी हक्क छायाचित्रकाराचा, वेगळा करार नसेल तर. फोटोमागं पैसे घेणारे बातमीदार तर नोकर नव्हतेच. २०१२ च्या दुरुस्तीपासून फोटोवरचा हक्क छायाचित्रकाराच्या हयातीत आणि त्याच्या मागं ६० वर्षं टिकतो. म्हणून मी घरोघर गेले. बहुतेक ठिकाणी छायाचित्रकार गेलेले, मुलं भेटायची, काही ठिकाणी बायको. कुणीही नाही म्हटलं नाही. एका काकूंनी माझा हात धरून विचारलं, ‘त्यांचं नाव घालशील ना गं खाली? पेपरात कधी घातलं नाही कुणी.’ तेव्हापासून प्रत्येक नोंदीत पहिला रकाना छायाचित्रकाराचा आहे.

भूकंपातल्या प्रेतांचे फोटो मी जतन केले आहेत, पण कुणालाही बघायला खुले केलेले नाहीत. नामांतराच्या काळातल्या जळलेल्या घरांच्या फोटोंबाबतही ज्यांची ती घरं, त्यांना विचारल्याशिवाय काही करणार नाही. अभ्यासाच्या नावाखाली कुणाच्या दुःखाची चित्रं वाऱ्यावर सोडायचा अधिकार मला त्या पत्रानं मिळालेला नाही.

माझ्या हातून पाकीट गेलेल्या रोलपैकी एक सारखा डोक्यात होता. १२० ची फिल्म, १२ फ्रेम. बाया-माणसं बैलगाडीत घराचं लाकूड भरतायत. तुळया, कडीपाट, दाराची अख्खी चौकट. मागं नदी आणि एक दीपमाळ. जायकवाडीचं पाणी चढायच्या आधी उठलेलं गाव असणार, एवढा अंदाज होता. पण नाथसागराखाली पैठण आणि गंगापूर तालुक्यांतली किती गावं गेली! जुन्या अंकांच्या फाइली चाळल्या, १२ पैकी एकच फोटो छापलेला आणि ओळ एवढीच, ‘धरणग्रस्तांचे स्थलांतर सुरू’. गावाचं नाव नाही.

म्हणून १२ प्रिंट पिशवीत घेऊन पुनर्वसित गावं फिरायला लागले. पारावर बसायचं, फोटो पसरायचे, चहा यायचा. दीपमाळ ओळखायला माणसं वादावादी करायची. पाचव्या गावात एका घराच्या ओसरीवर ज्वारी निवडत बसलेल्या आजींनी सुपडं बाजूला ठेवलं आणि फोटो डोळ्यांजवळ नेला. बराच वेळ बोलल्या नाहीत.

‘ही माझी सासू,’ म्हणाल्या. ‘गाडीत भरू देईना चौकट. मी धरून बसते म्हनली. तशीच बसून आली हितवर.’

मी विचारलं, मग त्या चौकटीचं काय झालं?

‘काय व्हतंय? तू तिच्याखालूनच आत आलीस की.’

मी वळून बघितलं. निळा ऑइलपेंट चढलेला, पण वरच्या पट्टीवर घोड्याची नाल तशीच ठोकलेली होती, फोटोत होती तिथंच, किंचित डावीकडे.

मी पाकीट आणि पेन्सिल काढली, आजींचं नाव विचारलं. त्यांनी मान हलवली. ‘माझं कशाला? मी फोटूत न्हाई. सासूचं लिही.’ मी सासूबाईंचं नाव लिहिलं, खाली पुनर्वसित गावाचं लिहायला लागले. त्यांनी पेन्सिलीवर बोट ठेवलं.

‘हे नगं. पान्यातल्या गावाचं नाव लिही.’