जुना डोस

मध्यरात्र उलटल्यावर रिक्षावाला आणि आई, दोघांनी मिळून त्याला कॅज्युअल्टीत आणलं. पंचविशीचा पोरगा, ओठ निळे, श्वास मिनिटाला जेमतेम पाच, डोळ्यांच्या बाहुल्या अगदी बारीक. "गर्द घेतो का?" म्हणून विचारलं तर आई म्हणाली, "घ्यायचा. आता सुटलंय. परवाच व्यसनमुक्ती सेंटरमधून आणलाय, दोन महिने एकदम कोरडा होता."

त्या दोन महिन्यांनीच घात केला होता. रोज घेणाऱ्याच्या मेंदूतलं श्वासाचं केंद्र हळूहळू निबर होत जातं. नवख्याला मारेल एवढा डोस तो पचवतो. घेणं थांबलं की ही सहनशक्ती उतरते, आणि पहिल्यांदा पुन्हा घेताना माणूस जुन्याच मापाने घेतो. केंद्रातून किंवा तुरुंगातून सुटल्यावरचे पहिले दिवस म्हणून सगळ्यात धोक्याचे.

सिस्टरने अँबू, म्हणजे हाताने श्वास देण्याची पिशवी, धरला, मी शिरेतून नॅलॉक्सोन दिलं. हे औषध गर्दसारख्या (हेरॉइन) अफूवर्गीय द्रव्याला रिसेप्टरवरून, म्हणजे पेशीवर ते जिथे चिकटून काम करतं त्या जागेवरून, हुसकून लावतं. दोन-तीन मिनिटांत पोरगा डोळे उघडून "मी कुठाय?" विचारायला लागला. एरवी अशा वेळी टर्की लागते, म्हणजे नशा अचानक तुटल्याचा त्रास: उलट्या, अंगदुखी, शिव्या. याला तसलं काही नाही. शरीराचं अवलंबन संपलेलंच होतं.

मग घेतलं कशाला? टर्की टाळायला घेतात, हे नेहमीचं उत्तर इथे लागूच नव्हतं.

नॅलॉक्सोनचा असर तासा-दीड तासात ओसरतो आणि श्वास पुन्हा मंदावू शकतो, म्हणून त्याला सोडता येईना. त्यामुळे बोलायला वेळ मिळाला. म्हणाला, "स्टेशनचा पूल उतरलो, जिथे माल घ्यायचो ती जागा दिसली. पोटात गोळा आला. नंतर काही सुचलंच नाही. मजा तर आधीपासूनच येत नव्हती, डॉक्टर."

मला हे वाक्य पाठ्यपुस्तकापेक्षा जास्त कामाचं वाटतं. मेंदूच्या खोल भागातल्या डोपामाइनच्या पेशींवर दुसऱ्या काही पेशींचा ब्रेक असतो. गर्द तो ब्रेक सोडवतं आणि डोपामाइन वाहू लागतं. (कोकेन ते परत शोषूच देत नाही, एमडी (मेफेड्रोन) पेशींतून बाहेर ढकलतं, वाट वेगळी, मुक्काम तोच.) डोपामाइनला सगळे 'आनंदाचं रसायन' म्हणतात, पण त्याचं मोठं काम ओढ लावणं आणि ती कुठे लागली हे शिकवून ठेवणं. मजा आटली तरी शिकलेलं पुसत नाही. दोन महिने कोंडून ठेवल्याने टर्की गेली. पूल तिथेच होता.

सकाळी आईला ब्युप्रेनॉर्फिन या उपचाराच्या औषधाबद्दल सांगितलं. जिभेखाली ठेवायची गोळी, सुरुवात कमी डोसाने. "म्हणजे एक सोडवून दुसरं लावताय?" तिने रोखठोक विचारलं. म्हटलं, ही गोळी त्याच रिसेप्टरवर बसते, पण अर्धवटच काम करते. श्वास दाबण्याला तिची मर्यादा आहे, ओढ कमी होते, आणि वर गर्द घेतलं तरी फारसं चढत नाही. मात्र दारू किंवा झोपेच्या गोळ्या सोबत नकोत.

"किती दिवस?"

"महिने. कदाचित वर्षं."

ती गप्प राहिली, मग केसपेपर कुठल्या खिडकीवर काढायचा ते विचारलं. रविवार होता, ओपीडी बंद. सोमवारपर्यंत तो त्या पुलाकडे फिरकू नये म्हणून त्याला वॉर्डातच ठेवून घेतला.