लिंबातले ग्रीक बटाटे

सकाळी जांभळी नाक्यावरून किलोभर बटाटे नि चार कागदी लिंबं आणली आणि कधीपासून मनात असलेले ग्रीक 'पटाटेस लेमोनाटेस' आज अखेर केले.

बटाट्याच्या जाड, लांब फोडी, ऑलिव्ह तेल, ठेचलेला लसूण, ओरेगॅनो, मीठ, लिंबाचा रस आणि वर पेलाभर पाणी (तिकडे बरेचदा चिकनचा स्टॉक घालतात). ओव्हन २०० अंशांवर, सव्वा तास. ट्रेमधलं पाणी बघून आई म्हणाली, "अगं, हे भाजणार कधी?" पण सगळी मजा त्या पाण्यातच आहे. बटाटा आधी तो आंबट रस पिऊन घेतो, मग पाणी आटतं, तळाला तेल उरतं आणि कडा खरपूस होतात. आंबटामुळे बटाटा सावकाश मऊ होतो, म्हणून फोडी मोडत नाहीत. मध्ये एकदा उलटायच्या, बस.

ग्रीसमध्ये बटाट्याच्या लागवडीला जोर आला तो १८२८ नंतर, स्वतंत्र ग्रीसचे पहिले राज्यप्रमुख कापोडिस्ट्रियास यांच्या कारकिर्दीत. आपल्याकडेही तो बाहेरूनच आला, आणि आता उपासालाही चालतो!

ट्रेच्या तळाची लसूण-लिंबाची खरवड आईने पोळीने पुसून खाल्ली. शेजारच्या काकूंकडे डबा पाठवलाय. ट्रे रिकामा आहे, घरभर अजून लिंबाचा वास आहे.