महाप्रसादानंतरच्या ताटल्या

आज सोसायटीच्या महाप्रसादाला उसाच्या चिपाडाच्या ताटल्या होत्या आणि ‘कंपोस्टेबल’ लिहिलेले पारदर्शक पेले. दोन्हींची वाट वेगळी, म्हणून मी कचऱ्यापाशीच उभी राहिले. ताटल्यांना आतून प्लास्टिकचा चकचकीत थर नव्हता. आमटी-भात लागलेल्या तशाच फाडून, भिजवून, वाळल्या पानांसोबत खतखड्ड्यात घातल्या. काही महिन्यांत छान खत होईल. पेले मात्र पीएलए नावाच्या जैव-प्लास्टिकचे, बहुधा मक्याच्या स्टार्चपासून केलेले. ते कुजायला ५८ ते ६० अंशांची उष्णता कित्येक आठवडे टिकावी लागते. आपल्या खड्ड्यात ती मिळत नाही, आणि भंगारातल्या प्लास्टिकमध्ये मिसळले तर तो मालही बिघडतो. वेगळे बांधून ठेवलेत. मोठा खतप्रकल्प घेईल का, उद्या विचारते. पुढच्या वेळी पाण्याला स्टीलचेच पेले ठेवूया ना! घासायला मी येते, अजून कोण येतंय?