रॉलिन्स १५८१ : उजवा चॅनेल एक सॅम्पल मागे!

सापडलं! दोन्ही चॅनेल मिळवून मोनो केल्यावर ड्रमर एल्विन जोन्सची सिंबल का दबत होती, ते अखेर सापडलं. आणि स्टायलस, म्हणजे तबकडीवरची सुई, पूर्ण निर्दोष आहे.

मागच्या वेळी गाडी कुठे अडली होती, ते आठवत असेलच. सॅक्सोफोनवादक सनी रॉलिन्सच्या 'अ नाइट ॲट द व्हिलेज व्हॅनगार्ड'चं (ब्लू नोट १५८१) जपानी मोनो प्रेसिंग एटी-व्हीएम९५ई कार्ट्रिज लावून रिप करतोय, म्हणजे कॉम्प्युटरवर उतरवतोय. मोनो तबकडीत संगीत ग्रूव्हच्या आडव्या हालचालीत असतं, उभ्या हालचालीत असतो तो फक्त कचरा. त्यामुळे डाव्या-उजव्याची बेरीज केली की कचऱ्याचा बराच भाग आपोआप कटतो. तसा तो कटलाही. सोलो संपल्यावरच्या टाळ्या वेगवेगळ्या हातांच्या ऐकू यायला लागल्या. पण त्याच बेरजेत राइड सिंबलवर रजई पडली.

दुसरी एखादी रेकॉर्ड असती तर इक्यूने वरची पट्टी उचलून पुढे गेलो असतो. इथे ते चालणारच नाही. ३ नोव्हेंबर १९५७, रविवार, न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेजमधलं ते तळघर, आणि रात्रीच्या बैठकीत माणसं तीनच : रॉलिन्स, बासवर विल्बर वेअर, ड्रम्सवर एल्विन. पियानो नाही. पियानोची सगळी मोकळी जागा वेअरचा बास आणि एल्विनची सिंबल भरतात. सत्तावीस वर्षांचा रॉलिन्स एखादं वाक्य अर्ध्यावर सोडतो, एल्विन ते उचलतो, ही सगळी देवघेव वरच्या पट्टीतच ऐकू येते. ती गेली तर रेकॉर्डच गेली.

आता शोधाची हकीकत. डावा वजा उजवा करून ऐकलं. मोनोमध्ये उरायला हवा फक्त कचरा, पण मागे बारीक 'टिंग टिंग' शिल्लक होतं. म्हणजे दोन्ही चॅनेल एकाच क्षणी येत नव्हते. पहिला संशय झेनिथवर. लंबगोल स्टायलस उभ्या अक्षाभोवती किंचित फिरलेला असेल, तर तो ग्रूव्हच्या दोन भिंतींना मागेपुढे टेकतो. हेडशेलचे स्क्रू सैल केले, कार्ट्रिज केसभर फिरवलं, पुन्हा प्रोट्रॅक्टरवर कोन तपासला. ढिम्म फरक नाही.

मग एक साधा हिशोब सुचला. तबकडीच्या बाहेरच्या कडेला ग्रूव्ह सेकंदाला साधारण ५१ सेंटिमीटर वेगाने धावतो, आत लेबलजवळ जेमतेम २१. दोष स्टायलसचा असेल तर आत येईपर्यंत ही दिरंगाई दुपटीहून जास्त वाढायला हवी. दुसरी बाजू घेतली. बाहेर 'सनीमून फॉर टू', अगदी आत 'आय कान्ट गेट स्टार्टेड'. दोन्हीकडे फरक तंतोतंत तेवढाच! मग ऑडिओ इंटरफेसला (सिग्नल डिजिटल करून कॉम्प्युटरला देणारी डबी) जाणाऱ्या डाव्या-उजव्या पिना अदलाबदल केल्या. तरीही मागे राहिला तो उजवा इनपुटच. शेवटी वाय-केबलने (एकाच्या दोन वाटा करणारी) एकच सिग्नल दोन्ही इनपुटांत घातला आणि ऑडॅसिटी या सॉफ्टवेअरमध्ये पार सॅम्पलच्या ठिपक्यांपर्यंत झूम केलं. उजवा बरोब्बर एक सॅम्पल मागे.

४४.१ किलोहर्ट्झला, म्हणजे सेकंदाला ४४,१०० सॅम्पल घेताना, एक सॅम्पल म्हणजे २२.७ मायक्रोसेकंद. ऐकायला काहीच नाही, पण बेरीज केली की १० किलोहर्ट्झला सुमारे अडीच डेसिबल उडतात आणि १५ला सहाच्या वर. सिंबल बरोबर तिथेच राहते! कंपनीचं नाव लिहीत नाही, पण स्वस्तातला यूएसबी इंटरफेस घेणाऱ्यांनी ही वाय-केबलची चाचणी पहिल्याच दिवशी करावी. स्टिरिओ रिपमध्ये हा दोष कानाला कळणारच नाही.

उपाय सोपा निघाला. स्टिरिओ ट्रॅक फोडायचा, उजवा एक सॅम्पल पुढे ओढायचा, मग बेरीज. केलं, आणि 'सॉफ्टली'मध्ये सिंबलवर काठी टेकल्याचा ठक आणि त्यामागची झंकार अशी दोन्ही वेगवेगळी आली. तेवढा तुकडा परत परत लावत बसलो. 'अ नाइट इन ट्युनिशिया' ही दुपारची बैठक. तिथे बासवर डोनाल्ड बेली आणि ड्रम्सवर पीट ला रोका. आता डोळे मिटूनही ड्रमर बदलल्याचं कळतं.

डी-क्लिकबद्दल (रेकॉर्डवरचे टिचके काढण्याबद्दल) माझं मत अजून पक्कं झालंय : सॅक्सोफोनवर ऑटोमॅटिक अजिबात नको. रॉलिन्स जोरात फुंकतो तेव्हा त्या टोकदार लाटांनाच सॉफ्टवेअर क्लिक समजतं आणि रीडची धार खातं. मोठे टिचके हातानेच काढा, बारीक राहू द्या.

बेत असा होता की जुने सगळे मोनो रिप काढून एकेक सॅम्पल सरकवायचा. पण हे लिहिता लिहिताच वाटतंय, बेरीज इंटरफेसपर्यंत आणायचीच कशाला? टर्नटेबल आणि फोनो स्टेज (कार्ट्रिजचा बारीक सिग्नल वाढवणारा ॲम्प्लिफायर) यांच्या मध्ये दुहेरी वाय-केबल, म्हणजे दोन्ही चॅनेल एकत्र जोडून पुन्हा दोन करणारी, टाकली की उभा कचरा तिथेच संपेल, आणि रेकॉर्ड करायला एकटा डावा इनपुट पुरेल. शिवाय नुसतं ऐकतानाही फायदा. म्हणजे खऱ्या मोनो कार्ट्रिजची खरेदी तूर्त पुढे ढकलली. जुने रिप सरकवेन, नवे सगळे केबलवरून.

केबल लॅमिंग्टन रोडवरून सुटे प्लग आणून घरीच जोडणार आहे. दुहेरी वाय लावल्यावर कुणाला हम (विजेची घुमघुम) वाढल्याचा अनुभव असेल, तर ग्राउंड कुठे जोडला होतात ते सांगा. पहिली बाजू तोवर तशीच ठेवतो. 'स्ट्रायव्हर्स रो' मला केबलवरूनच घ्यायचंय.